सुळेवाल्या भेकराखाली बसलेली माणसं

दातांच्या दवाखान्यात माणसं दात सोडून बाकी सगळ्यावर बोलतात. आत मशीन सुरू असतं. बाकावर बसलेल्याला तो आवाज ऐकायचा नसतो, म्हणून समोर जे दिसेल त्याच्यावर तो बोलायला लागतो. मध्य प्रदेशात देवासला माझ्या आईचा दवाखाना आहे आणि शाळा सुटली की मी तिथेच काउंटरमागे गृहपाठ करत बसते. मी फारसं बोलत नाही, त्यामुळे ऐकायला भरपूर मिळतं. समोरच्या भिंतीवर मी काढलेलं हरीण लागल्यापासून तर इतकं मिळतं की गृहपाठ तसाच राहतो.

त्या जागी आधी पांढऱ्याशुभ्र दातांच्या एका हसऱ्या बाईचं पोस्टर होतं. खिडकीतल्या उन्हाने हळूहळू तिचे दात पिवळे पडले. आई म्हणाली, "ही बाई आता आपल्या धंद्याला बरी नाही. तू काहीतरी काढून दे."

मी भेकर जातीचं हरीण काढलं. बागलीच्या पुढे जंगलात मामाच्या गाडीतून आम्हाला ते दिसलं होतं. कुत्र्यापेक्षा थोडंसंच मोठं, तांबूस, डोक्यावर आखूड शिंगं. सगळे शिंगं बघत होते. मला त्याच्या वरच्या ओठाखालून बाहेर आलेला पांढरा सुळा दिसला. गाडीत कोणाचाच विश्वास बसला नाही. घरी येऊन शोधलं, तर नर भेकराला खरंच सुळे असतात. म्हणून चित्रात मी ते नीट, ठळक काढले.

कैलास भिया, म्हणजे भैया, आईचे कंपाउंडर. त्यांनी खिळा ठोकला, चित्र टांगलं, दोन पावलं मागे जाऊन पाहिलं आणि म्हणाले, "बेबी, हिरण में थोड़ा कुत्ता मिक्स हो गया."

मी सगळं धैर्य गोळा करून सांगितलं, "भिया, हे असंच असतं. हे भुंकतं पण."

"भौंकता भी है?" कैलास भिया आईकडे वळले. "देखो मैडम, मैंने क्या बोला था."

*

मनावर गावचे एक व्यापारी दाढ दाखवायला आले होते. बराच वेळ चष्मा वर-खाली करत त्यांनी चित्र न्याहाळलं. मग आत जाऊन आईला म्हणाले, "मैडम, बाहर जो लगाया है, वो इलाज के पहले का है ना?"

आईला काही कळलं नाही. "हां, मतलब?"

"तो बाद का भी लगाओ. आदमी को भरोसा होता है."

*

आता माझ्याबद्दल थोडं सांगावं लागेल, कारण लोक चित्राकडे बघून झालं की माझ्याकडे बघतात. माझे वरचे दोन्ही सुळे बाकीच्या दातांच्या पुढे, उंचावर आले आहेत. हसताना मी तोंडावर हात धरते. "दांत के डॉक्टर की लड़की, और दांत ऐसे?" हे वाक्य मी आतापर्यंत हिंदीत, मराठीत आणि माळवीत ऐकलं आहे.

आई मला कधीच टोचून बोलली नाही. तिने एकदाच समोर बसवून सांगितलं, "नीट घासलेस तर या दातांना काही धोका नाही. प्रश्न फक्त दिसण्याचा आहे. इंदूरचे डॉक्टर दर महिन्याला तारा बसवायला आपल्याकडे येतात. दिवाळीच्या सुट्टीत तुझं सुरू करू. त्याआधी दोन दात काढावे लागतील, मगच सुळ्यांना जागा होईल. चालेल ना?"

मला चालणार नव्हतं. मला ते सुळे हवे होते. पण का हवे होते, ते सांगता येत नव्हतं, म्हणून मी गप्प बसले.

"नको आहे का?"

मी पेनाचं टोपण काढलं, परत लावलं.

"अगं, लपवायचे पण आणि ठेवायचे पण?" आई म्हणाली. मग तिने माझं नाव लिहून टाकलं. गप्प बसणं म्हणजे हो, असं आमच्या घरी धरतात.

*

चित्राखाली नाव असावं, असं आबांना वाटलं. आबा म्हणजे आईचे वडील, धारला राहतात. त्यांनी वळणदार अक्षरात पट्टी लिहून दिली: 'भेकर (नर)'. माझा मावसभाऊ चिन्मय हिंदी शाळेत शिकला आहे आणि मराठी त्याला अंदाजाने वाचायची सवय आहे. त्याने मोठ्याने वाचलं, "भेकड."

आबा म्हणाले, "पुन्हा वाच."

चिन्मयने पट्टी पाहिली, काउंटरमागे बसलेल्या मला पाहिलं आणि म्हणाला, "आबा, हे हिच्या खुर्चीवर लावायचं होतं का?"

ती पट्टी वाचून बागलीकडून आलेल्या एका काकांना आनंद झाला. शेजारच्या माणसाला ते म्हणाले, "हमारे उधर बहुत हैं. हम इसको भेड़की बोलते हैं."

शेजारच्याचा गाल सुजला होता. पण कोणी अर्धवट बोललेलं त्याला चालत नसावं. तो थांबला, थांबला, आणि शेवटी त्याने विचारलं, "भेड़ की क्या?"

*

मोहनखेड्याच्या जैन मंदिरात दर्शन करून एक कुटुंब परत चाललं होतं. वाटेत आजींचा दात दुखायला लागला, म्हणून ते आमच्याकडे थांबले. आजी बाकाच्या मधोमध बसल्या. त्यांचे दोन मुलगे बाकाच्या दोन टोकांना, एकमेकांकडे पाठ करून.

आजींनी मला विचारलं, "बेटा, ये घास ही खाता है ना?"

मी म्हटलं, "हो. घास, पानं, फळं."

"तो ऐसे दांत किस काम के?"

मी हळू आवाजात सांगितलं, की भेकराचे नर जागेवरून भांडतात. शिंगांनी ढकलतात आणि सुळ्यांनी चावतात.

"शाकाहारी होकर भी झगड़ा?" आजींना वाईट वाटलं. त्यांनी एकदा डावीकडे पाहिलं, एकदा उजवीकडे. "जगह का ही?"

"हो."

"हां," त्या म्हणाल्या, "प्लॉट का तो होता है."

*

पीपलरावां गावचे एक निवृत्त मास्तर आले. त्यांनी आयुष्यभर विज्ञान शिकवलं होतं. चित्र पाहून त्यांनी मला उभं केलं. "हिरण के ऊपर के सामने वाले दांत होते ही नहीं. गलत बनाया है."

ते म्हणत होते ते खरं होतं. पण सुळे समोरचे नसतात, बाजूचे असतात. हे मला बोलून दाखवता आलं नाही, म्हणून मी फोनवर फोटो शोधून त्यांच्या पुढ्यात धरले. पहिला भेकराचा. मग चीनकडच्या पाणहरणाचा, ज्याला शिंगंच नसतात, नुसते सुळे. मग कस्तुरीमृगाचा. त्यालाही शिंगं नाहीत, आणि सुळे इतके लांब की हनुवटीच्या खाली उतरतात.

मास्तर कस्तुरीमृगापाशी थांबले. तेवढ्यात आईने त्यांना आत बोलावलं. बाहेर आले तेव्हा इंजेक्शनने त्यांचा अर्धा ओठ बधिर झाला होता. हाताने ओठ सावरत, एकेक शब्द जुळवत ते मला म्हणाले, "पूरी उमर पढ़ाया कि इसकी नाभि में कस्तूरी है. सब नाभि में लगे रहे, मुंह किसी ने खुलवाया ही नहीं."

*

दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात रामभाऊ शिंपी आणि त्यांची बायको धारहून, आबांच्या शेजारून आले. काकांचे दात जाऊन बरीच वर्षं झाली होती. आई त्यांना कवळी करून देत होती आणि त्या दिवशी ट्रायल होती. पक्की कवळी बनवण्याआधी दात मेणात बसवून तोंडात घालून बघतात, म्हणजे काही हलवायचं असेल तर तेव्हाच हलवता येतं. कैलास भिया फोनवर होते, म्हणून काकांसमोर मोठा आरसा धरायला आईने मला बोलावलं. तो दोन्ही हातांनी धरावा लागतो.

काकांनी ओठ फाकवून पाहिलं. सगळे दात एका ओळीत, सरळ. "झकास," ते म्हणाले.

काकूंनी मान तिरकी करून पाहिलं.

"काकू, तुम्ही सांगा," आई म्हणाली. "अजून बदलता येईल."

"छान आहेत," काकू म्हणाल्या. "फक्त हे हसले, की पदर सावरावासा वाटतो."

आईला कळलं नाही. मलाही.

"अहो, परका पुरुष हसल्यासारखं वाटतं." काकूंनी दारातून बाहेर बोट दाखवलं. "यांचा दात तसा होता, त्या हरणासारखा. डावीकडचा. जरा पुढे आलेला."

"काकू, असा दात सरळ करायला लोक पैसे देतात."

"देऊ देत."

आईने एकदा बाहेरच्या चित्राकडे पाहिलं. मग तिने कवळी बाहेर काढली, बारीक सुरी ज्योतीवर धरली, डाव्या सुळ्याभोवतीचं मेण मऊ केलं आणि तो अंगठ्याने किंचित बाहेर ओढला. कवळी परत तोंडात बसवली.

"एवढा?"

"अजून," काकू म्हणाल्या.

पुन्हा सुरी, पुन्हा ज्योत. "एवढा?"

"वर घ्या थोडा. आणि जरा तिरका. यांचा तिरका होता."

"जन्मभर मी लोकांची मापं घेतली," काका म्हणाले, "आज ही माझं घेतेय."

"तुम्ही हलू नका. फिटिंग बिघडेल."

चौथ्यांदा कवळी बसली आणि काका हसले. काकू त्यांच्याकडे बघत राहिल्या. मग खुर्चीला धरून त्या इतक्या हसायला लागल्या की बाकावरचे लोक दारात आले. "आले," त्या म्हणाल्या. "आले बाई एकदाचे."

मीही हसत होते. दोन्ही हातांत आरसा होता.

कैलास भिया फोन घेऊन आत आले. "मैडम, इंदौर वाले डॉक्टर साहब लाइन पर हैं. पूछ रहे हैं, इतवार को बेबी का पक्का?"

आई माझ्याकडे बघत होती. मघाशी मेणाकडे बघत होती, तशी.

"नको," मी म्हटलं. ते इतकं जोरात निघालं की काका दचकले.

"का नको?" आईने विचारलं.

मला अजूनही सांगता येत नव्हतं. मग ती काकूंकडे वळली. "काकू, हिचे बघा हो जरा. हिचे कसे वाटतात?"

काकूंनी डोळे पुसले आणि माझं तोंड नीट पाहिलं.

"हिचे काय बघायचे?" त्या म्हणाल्या. "हिला ओळखते की मी."

आईने सुरी पुसून ट्रेमध्ये ठेवली, कैलास भियांच्या हातातून फोन घेतला आणि म्हणाली, "सर, इतवार को एक अपॉइंटमेंट खाली हो गया है."