मेलेल्या माशाचं गाणं

मावशी लहान मुलांशी खोटं बोलत नसत, आणि आम्हा आईबापांना त्याचा धसकाच होता. २००३ साली त्या अमेरिकेत, आमच्या ईडन प्रेरी गावात, मुलाकडे राहायला आल्या आणि रविवारी त्याच्या बेसमेंटमध्ये आमच्या मुलांना मराठी शिकवू लागल्या. इंजेक्शन दुखेल का, असं कुणी विचारलं की म्हणत, "दुखेल. मग थांबेल." माझा धसका जरा जास्तच. माझे बाबा नुकतेच नागपूरला वारले होते, आणि माझ्या पाच वर्षांच्या रेवाला आम्ही "आजोबा गावाला गेलेत" असं सांगून ठेवलं होतं.

इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीसाठी मुलांचं नवं गाणं हवं होतं. ते आम्ही मावशींच्या गळ्यात मारलं. त्यांनी उन्हाळाभर नुसती खाडाखोड केली. चांदोमामा आला आणि गेला. "परवा वर्गातला एक जण विचारतो, हा मामा आपल्याकडे येणार कधी? काय सांगू?" ससा गेला. परी तर आलीच नाही.

"मावशी, लहान मुलांचं तर गाणं, एवढं काय?" मी म्हटलं.

"मोठ्यांचं असतं तर एका बैठकीत लिहिलं असतं. मोठ्यांना काहीही चालतं."

मग वर्गात काचेच्या भांड्यात पाळलेला मासा मेला. मी गुपचूप तसाच दुसरा आणायला निघाले, तर मावशींनी माझा हात धरला. पुढच्या रविवारी गाणं तयार:

काल होता, आज नाही,
पाणी आहे, मासा नाही.

मी हादरलेच. मंडळाचे सेक्रेटरी म्हणाले, "मावशी, गणपतीत मेलेला मासा? लास्ट लाइन तरी हॅपी करा."

"मासा उठणार असेल तर करते."

गाणं कॅन्सल केलं. मुलं मात्र ते गाडीत, अंघोळीत म्हणतच राहिली. एकदा जेवताना रेवाने विचारलं, "आई, इज आजोबा लाइक द फिश?" "हो," मी म्हणाले. बाबांसाठी आम्ही दोघी त्या दिवशी पहिल्यांदा एकत्र रडलो.

थंडी पडायच्या आत मावशी पुण्याला परतल्या. दोन वर्षांनी एका सकाळी त्यांच्या मुलाचा फोन आला. मावशी भाजी घेऊन घरी आल्या, खुर्चीत बसल्या, आणि संपलं. मला खरंच वाटेना. रविवारीच तर फोन कार्ड संपेपर्यंत बोललो होतो.

रेवा सीरियल खात होती. "मावशी आहेत ना," मी सुरुवात केली. तिने माझ्याकडे पाहिलं, चमचा खाली ठेवला. ही मुलगी एरवी माझ्याशी इंग्रजीतच बोलायची.

"काल होत्या," ती म्हणाली, "आज नाही?"