पावसात न लागणारी टेप

मधूकाका गेल्याचं मला बोईसरला कळलं, कारखान्याच्या गेटवर पत्रकं वाटताना. चिंचणीचा एक कामगार पत्रक घेत म्हणाला, "ताई, तुमचा पेटीवाला काल गेला." उरलेली पत्रकं कुणाला दिली, आठवत नाही... त्याला आता महिना होईल.

एका वर्तमानपत्राने त्यांना 'स्थानिक वादक' म्हटलं. साफ खोटं. मधूकाका संगीतकार होते. उसन्या कॅमेऱ्यावर, निर्मात्याविना निघणाऱ्या चित्रपटांना त्यांनी आयुष्यभर संगीत दिलं, चिंचणीच्या वाडीतल्या मागच्या खोलीत, खिडकीला गोधडी बांधून. आमच्या कामगार संघटनेच्या माहितीपटांचं संगीतही त्यांचंच. पण पुढाऱ्याच्या भाषणामागे ढोल द्यायला नकार. "भाषणात दम हाय ना? मंग ढोल कशाला?"

मग मुंबईच्या एका दिग्दर्शकाने मासवणकडच्या पाड्यांवर मोठा चित्रपट काढला आणि संगीत काकांकडे दिलं. नाव होण्याची ही एकच संधी. शेवटच्या प्रसंगाला काकांना तारपा हवा होता, म्हणून भर वैशाखात आम्ही तिथल्या लाडक्या नावाच्या वारली वादकाकडे गेलो. वाळल्या दुध्याचं ते लांब वाद्य त्याच्या आढ्याला टांगलेलं. लाडक्या म्हणाला, "नवं भात खाल्ल्याबिगर त्याला तोंड लावाचं नाय, काका."

दिग्दर्शकाला महोत्सवाची घाई. दुसरा वादक आणू म्हणाला, नाहीतर सिंथेसायझरवर काढू. काका म्हणाले, कापणीपर्यंत थांबा. तो थांबला नाही. चित्रपट दुसऱ्याच्या संगीतावर गाजला आणि काकांना मुंबईने पुन्हा विचारलं नाही. मी चिडून भांडले, तर म्हणाले, "लाडक्या नाय बोलला. त्याच्यावर माझा हुकूम चालतो काय?" काकींनी आतून टोमणा हाणला की घरात तरी कुठे चालतो.

कापणी झाल्यावर लाडक्याने स्वतःहून निरोप धाडला. काकांनी तारपा टेपवर घेतला. पुढे ती टेपसुद्धा ते पावसात, नवं भात येईपर्यंत, लावेनात. आम्ही हसायचो.

परवा भर पावसात काकींकडे गेले, तर तोच दिग्दर्शक ओसरीवर बसलेला. नव्या चित्रपटासाठी टेप हवी होती, लगेच. पडद्यावर काकांचं नाव येईल, म्हणाला. त्या हुकलेल्या नावावरून काकींनी काकांना जन्मभर ऐकवलेलं. मला वाटलं, आता देतील.

काकींनी त्याला चहा दिला, मग उठून मागच्या खोलीचं दार ओढून घेतलं.

"कापणीनंतर या," त्या म्हणाल्या. "लाडक्याला विचारू."