साडूंची फिरती दक्षिण

जगात कुठलीही वस्तू उगीच चुकत नाही, यावर माझ्या साडूंइतका गाढ विश्वास असलेला माणूस अख्ख्या बुलढाणा जिल्ह्यात दुसरा सापडायचा नाही. घड्याळ मागे पडलं किंवा वजनकाटा जास्त दाखवायला लागला, की आपण त्याला दोन शिव्या देतो, एक चापट मारतो आणि आपल्या कामाला लागतो. साडू त्या वस्तूसमोर मांडी घालून बसतात आणि आजाऱ्याची विचारपूस करावी तशा आवाजात म्हणतात, "काऊन चुकून राह्यलं बरं हे?" त्या 'बरं'मध्ये रागाचा लवलेश नसतो, निव्वळ उत्सुकता असते. आयुष्यभर त्यांनी मोजणीदार म्हणून नोकरी केली, लोकांच्या शेतांच्या हद्दी ठरवल्या आणि भांडणाऱ्या भावाभावांच्या मधोमध साखळी धरून उभे राहिले. निवृत्त होऊन चिखलीत घर बांधलं, तेव्हा मोजायला शेतं उरली नाहीत, म्हणून त्यांनी उरलेलं जग तपासायला घेतलं.

या सवयीचा पहिला मोठा बळी मात्र त्यांच्या नोकरीच्या काळातच गेला होता, तो मी. साखरखेर्ड्याला माझं लग्न होतं. थोरला जावई म्हणून साडू मांडवात मिरवत होते. भटजींनी मला पाटावर उभं केलं आणि म्हणाले, पूर्वेकडे तोंड करा. एवढं ऐकून साडूंनी खिशातून पितळी होकायंत्र काढलं. त्यांच्या मते भटजींची पूर्व चांगली अकरा अंशांनी सरकलेली होती. मग त्यांना स्वतःच्या काट्याचीच शंका आली, कारण मांडवाचे खांब लोखंडी होते. म्हणून ते मांडवाबाहेर जाऊन तीन ठिकाणी उभे राहून आले. तोवर अंतरपाट धरलेल्या दोघांचे हात भरून आले, मुहूर्त डोक्यावर आला आणि सासरे घामाघूम झाले. शेवटी माझा पाट अकरा अंश फिरवण्यात आला आणि मग अक्षता पडल्या. त्या फिरवाफिरवीत माझं तोंड नेमकं जेवणाच्या पंगतीकडे झालं. माझं तेव्हापासून दुसरीकडे लक्षच नाही, असं आमच्या घरातून अजून ऐकवलं जातं.

एकदा आम्ही दोघं माझ्या स्कूटरवरून उंद्रीला निघालो होतो. फोनमधली बाई म्हणाली, डावीकडे वळा. डावीकडे कुणाची तरी उभी सोयाबीन होती. मी सरळ पुढे जाणार, तर साडूंनी मला थांबवलं, खाली उतरले आणि बाई असं का म्हणाली याच्या तपासाला लागले. पाऊण तास मी उन्हात उभा. शेवटी शेतातून एक म्हातारे गृहस्थ आले आणि म्हणाले, इथून पूर्वी गाडरस्ता होता, नांगरून टाकला त्याला बरीच वर्षं झाली. साडूंचा चेहरा उजळला. स्कूटरवर बसता बसता ते म्हणाले, "बाई खोटी नाही मास्तर, जुनी आहे." मी शाळामास्तर असलो तरी इतक्या समजूतदारपणे मी आजवर एकाही विद्यार्थ्याची चूक तपासलेली नाही, हे कबूल करतो.

एवढा चौकस माणूस, पण एकुलत्या एका मुलीशी बोलायचं म्हटलं की पार आटून जायचा. ती नोकरीसाठी जर्मनीत असते. दर रविवारी दुपारी, म्हणजे तिच्या सकाळी, तिचा फोन यायचा. साडू विचारणार, जेवली का. ती म्हणणार, हो. मग थोडी शांतता, आणि मग "बरं, आईले देतो." माणूस वाईट नाही, प्रेमही खंडीभर, पण शब्द सापडायचे नाहीत. मुलीलाही ते टोचत असावं. गेल्या दिवाळीला ती आली तेव्हा तिने बापाच्या संगणकावर एक खेळ घालून दिला आणि म्हणाली, "बाबा, आता आपण यात भेटू."

त्या खेळातलं सगळं जग चौकोनी ठोकळ्यांचं आहे. लाकूड तोडायचं, दगड फोडायचे, घर बांधायचं, कोंबड्या पाळायच्या आणि संध्याकाळ झाली की दार लावून घ्यायचं, कारण बाहेर भुतं निघतात. चिखलीतला माणूस आणि जर्मनीतली मुलगी एकाच जगात हिंडू शकतात, हे पाहून मी थक्क झालो. साडू मात्र पहिल्याच दिवशी तिथल्या सूर्यफुलांपाशी अडकले. ती फुलं दिवसभर पूर्वेकडेच बघतात, मान वळवत नाहीत. त्यांनी सूर्यास्तापर्यंत पहारा करून याची खातरजमा केली आणि त्यांना एका भुताने मारलं; खेळात मेलं तरी पुन्हा उठता येतं, एवढं बरं.

मुलगी हिंडणारी. तिने नाव घेतली, समुद्र ओलांडला आणि पलीकडे कुठेतरी घर बांधलं. म्हणाली, बाबा, आता तुम्ही या. कुठल्या दिशेने, तर ती होकायंत्राचा काटा पाठीमागे ठेवून गेली होती, म्हणजे दक्षिणेला. जागेचे आकडे दाखवायची सोय त्या खेळात आहे, पण त्याने मजा जाते म्हणून तिने ती बंद ठेवलेली. साडूंना हे आव्हान फार आवडलं. त्यांनी होकायंत्र बनवलं, काटा पाठीशी धरला आणि निघाले. समुद्र काही आला नाही, वाळवंट आलं. पुढच्या रविवारी खेळातल्याच एका विहिरीपासून निघाले, पुन्हा काटा पाठीशी, तर बर्फाचा डोंगर आला. तिसऱ्या रविवारी जंगल. दक्षिण दर रविवारी नवीन जागी निघत होती.

रविवारी मी बुलढाण्याहून त्यांच्याकडे जेवायला जातो, कारण ताईंच्या, म्हणजे माझ्या थोरल्या मेहुणीच्या हातच्या पातोडीच्या भाजीला तोड नाही. त्यामुळे हा सगळा तपास मी भाकरी मोडता मोडता पाहिला आहे. साडूंचा पहिला संशय लोखंडावर. खेळात त्यांच्या अंगावर लोखंडी चिलखत होतं, हातात लोखंडी तलवार होती. त्याने काटा ओढला जात असणार, असं ठरवून त्यांनी सगळं उतरवून पेटीत ठेवलं आणि निःशस्त्र निघाले. सूर्य मावळताच भुतांनी त्यांचा फडशा पाडला. मी हसलो, तेव्हा ते शांतपणे म्हणाले, की मेलो खरा, पण काटा तिळभर हलला नाही, म्हणजे लोखंड निर्दोष आहे. मग त्यांनी दुसरं होकायंत्र बनवून दोन्ही शेजारी ठेवली. दोघांचं एकमत. मग एक घेऊन खेळातल्या पाताळात उतरले. तिथे काटा गरगर फिरायला लागला, म्हणजे वर तो नक्की कशाकडे तरी बघत होता. या गोष्टीचा त्यांना इतका आनंद झाला, की त्या दिवशी त्यांनी दोन भाकऱ्या जास्त खाल्ल्या.

याच सुमारास मुलीने फोनवर सांगितलं, की तिचा जो मित्र हे जग आपल्या मशीनवर चालवायचा, तो महिनाअखेर ते बंद करणार आहे. घरं, कोंबड्या, समुद्र, सगळं जाणार. ती म्हणाली, "बाबा, राहू द्या आता. मी एक आज्ञा टाईप करते, तुम्ही थेट माझ्या दारात याल." साडू म्हणाले, "तसं नको माय. तू उचलून नेलं तर मी आलो असं कसं म्हणू?" दोनच रविवार हातात होते. ताई स्वयंपाकघरातून माझ्याकडे बघत होत्या. त्या नंतर मला हळूच म्हणाल्या, की पोरीनं घर बांधलं आणि बाप गेला नाही, असं व्हायला नको. ठोकळ्यांचं का असेना.

साडूंनी त्या आठवड्यात नोकरीतली मोजणीची जुनी फळी बाहेर काढली, तिच्यावर कोरा कागद ताणला आणि मोजणी सुरू केली. खेळात तीन वेगवेगळ्या जागी जाऊन उभे राहिले. सूर्यावरून पूर्व धरली, पावलं मोजली आणि प्रत्येक जागेवरून काटा जिकडे बघतो तिकडे कागदावर रेघ ओढली. रविवारी मी पोचलो, तेव्हा तिन्ही रेघा एका ठिपक्यात मिळालेल्या होत्या. "हा उत्तर पाहतच नाही, मास्तर," ते म्हणाले, "हा एकाच जागेकडे पाहते. कुठीबी न्या." ती जागा म्हणजे एका डबक्याशेजारचं गवत. फोनवर मुलीला वर्णन सांगितलं, तर ती म्हणाली, "बाबा, तिथंच तर आपण दिवाळीत पहिल्यांदा उतरलो होतो. दोघं."

म्हणजे त्या जागेपासून कुठेही निघालं तरी काटा पाठीशीच राहणार, आणि प्रत्येक दिशा दक्षिणच वाटणार. मला हे समजायला दोन वाट्या कढी लागली. साडूंना मात्र आता फक्त एक गोष्ट हवी होती. त्यांनी मुलीला सांगितलं, तुझ्या दारात उभी राहा, तुझ्या होकायंत्राचा काटा दाखवतो तिकडे तोंड कर आणि सूर्य उगवायची वाट पाहा. तिथला दिवस वीस मिनिटांचा असतो, त्यामुळे फार थांबावं लागलं नाही. ती म्हणाली, "डाव्या हाताला उगवला. जरासा मागच्या बाजूला." साडूंनी कागदावर ठिपक्यातून उलटी रेघ ओढली. मुलगी ज्याला इतके दिवस दक्षिण म्हणत होती, ती चक्क उत्तर होती, किंचित पूर्वेला कललेली. त्यांनी तिला चुकलीस असं म्हटलं नाही. "दोघांचेही काटे एकाच जागेकडे पाह्यत होते बघ," एवढंच म्हणाले आणि चष्मा पुसला.

शेवटच्या रविवारी ते चिलखत घालून निघाले. मोजणीत सरळ रेषेसाठी झेंड्या रोवतात तशा त्यांनी वाटेत मशाली रोवल्या, दर शंभर पावलांना मागे वळून त्या एका ओळीत आहेत का ते पाहिलं. तिसरी मशाल जरा बाजूला गेली होती, ती परत जाऊन सरळ केली. मी दात खाऊन घड्याळ पाहिलं. इकडे चिखलीत दुपार उतरली तेव्हा समुद्र आला. नाव पाण्यात गेली, काटा पाठीशी होता, आणि बऱ्याच वेळाने काठावर एक पिवळं घर दिसलं. दारात ती ठोकळ्यांची मुलगी उड्या मारत होती. साडू तिच्यासमोर थांबले. फोन स्पीकरवर होता, ताई हात पुसत येऊन मागे उभ्या राहिल्या होत्या. साडू म्हणाले, "पोचलो गं माय." मग ती म्हणाली, "या ना बाबा, आत या." त्यांनी आत जाऊन खिडक्या पाहिल्या, उजेड चांगला आहे म्हणाले, आणि नेहमीप्रमाणे त्यांचे शब्द संपले. संध्याकाळी ते जग बंद झालं.

पुढच्या रविवारी मी गेलो तेव्हा संगणकावर कापड टाकलेलं होतं. मला वाईट वाटलं. मुलीचा फोन आला. जेवली का, हो, आणि मग ती ओळखीची शांतता. साडूंनी फोन ताईंकडे द्यायला हात पुढे केला, आणि अर्ध्यावर मागे घेतला. "माय," ते म्हणाले, "तू खरोखरची राह्यते, त्या खोलीत सूर्य कोणत्या हाताले येते?" ती हसली. मग उठून खिडकीपाशी गेल्याचा आवाज आला. साडू एकेक विचारत गेले, पलंग कुठे, टेबल कुठे, दारापासून खिडकी किती पावलं, खिडकीतून काय दिसते, ते झाड कशाचं, त्या झाडाखालून ती कामाला कुठल्या बाजूने जाते, येताना अंधार असतो का, सोबत कोण असतं. मध्येच ती बोलायची थांबली आणि नाक ओढल्याचं ऐकू आलं. साडू म्हणाले, घाई नाही, नीट पाहून सांग. ताईंची पाळी येईस्तोवर भाकऱ्या निवून गेल्या.

ती सांगत गेली तसा साडूंनी कागदावर उतरवलेला तिच्या खोलीचा नकाशा आता त्यांच्या बैठकीत लावलेला आहे. उत्तरेचा बाण आहे, माप आहे, झाडसुद्धा आहे. फक्त खाली उजवीकडे मोजणीदाराच्या सहीची जागा रिकामी आहे. मी विचारलं तर म्हणाले, "जागेवर जाऊन पाह्यल्याशिवाय सही करता येत नाही, मास्तर." त्यांचे गुडघे आता जिने चढू देत नाहीत, आणि नागपूरच्या पलीकडे ते कधी गेलेले नाहीत. इतका लांबचा प्रवास त्यांना झेपेल असं मला वाटत नाही, ताईंनाही वाटत नाही. पण परवा त्यांच्या टेबलावर मला पासपोर्टाचा अर्ज दिसला. त्यावर त्यांची सही झालेली होती.