मरावं तर ईडोंनी

मरावं तर आमच्या शेजारच्या ईडोंनीच, असं माझं ठाम मत आहे. ईडो म्हणजे सोमालीत आत्या. इथे परदेशात, मॉसन लेक्स या उपनगरातल्या आमच्या गल्लीत सगळेच त्यांना तशी हाक मारतात. तरुणपणी मोगादिशूत त्या सिनेमात काम करायच्या आणि प्रत्येक सिनेमात मरायच्या. कधी विष पिऊन, कधी क्षयाने, एकदा तर उंटावरून पडून. पुढे युद्धात त्या सिनेमांची रिळं नाहीशी झाली, ईडो इकडे आल्या, पण मरायची सवय काही सुटली नाही. अजूनही लग्नात जेवणं आटोपली की सोमाली बायका आग्रह करतात आणि ईडो भाताचं ताट बाजूला सारून गालिच्यावर प्राण सोडतात.

हिंदी त्या तिकडच्या थिएटरांत आपले सिनेमे बघून शिकल्या. त्यामुळे मी कचऱ्याचा डबा बाहेर ठेवायला विसरलो तरी, "यह तूने क्या किया, बेटा!" असा टाहो ऐकू येतो. गणपतीत मंडळाच्या नाटकात मी शेवटी मरतो, हे कळल्यावर त्या तालीम बघायला आल्या. कॉलेजात उत्तेजनार्थ बक्षीस मिळाल्यापासून मी स्वतःला मोठा नट समजतो. छाती धरून, दोन-चार गिरक्या घेऊन मी कोसळलो. ईडो म्हणाल्या, "बेटा, मरनेवाले को इतना काम नहीं होता." बायको ते वाक्य अजून पाहुण्यांना ऐकवते.

गेल्या वर्षी ईडोंच्या भाचीने इथेच एक सोमाली सिनेमा काढला. ईडो आई, हॉस्पिटलात मरणार. भारतीय म्हणजे डॉक्टर, या न्यायाने डॉक्टर मी. सुई बघूनही मला घेरी येते, ही गोष्ट वेगळी. मला एकच वाक्य होतं, "तुमची आई गेली." सोमालीतलं ते वाक्य मी ट्रेनमध्ये घोकलं, ऑफिसच्या मीटिंगमध्ये म्यूटवर घोकलं, पुण्याला फोन करून आईलाही ऐकवलं. अर्थ तेवढा सांगितला नाही.

शूटिंगच्या दिवशी ईडो खाटेवर ताडकन उठून बसल्या. मरणार नाही म्हणाल्या. भाची वैतागली, "ईडो, प्लीज! लोक त्याच्यासाठीच तर येणार आहेत!"

ईडो माझ्याकडे वळल्या. "सब मर गईं, बेटा. रीलें भी गईं. एक तो ज़िंदा रहे."

भाचीने माझ्याकडे पाहिलं. "वेल, डॉक्टर?"

माझी अख्खी कारकीर्द त्या एका वाक्यावर टांगलेली. पण मी ईडोंच्या चेहऱ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "डिस्चार्ज देऊन टाक." आयुष्यात मी बरं म्हटलेलं एकच वाक्य, आणि तेव्हा कॅमेरा बंद होता.

सिनेमा कम्युनिटी हॉलमध्ये दाखवला. त्यात मी आहे. तोंड उघडतो आणि पुढचं दृश्य सुरू होतं. बायका रुमाल काढून तयारीत बसल्या होत्या. पडद्यावरच्या ईडोंनी चपला घातल्या, हॉस्पिटलच्या दारातून बाहेर पडल्या आणि रस्त्याने चालत दिसेनाशा झाल्या. दिवे लागले तरी रुमाल कोणी आत ठेवेना.

माझ्या शेजारी ईडो कोऱ्या पडद्याकडे बघत होत्या. हळूच म्हणाल्या, "अब कहाँ गई होगी वो?"

"घर गई होगी," मी म्हणालो.

"घर," ईडो म्हणाल्या, आणि मरताना कधी रडल्या नव्हत्या तशा रडल्या.