मागून आलेली हाक

आमच्या बॅडमिंटनच्या हॉलवर ब्रॉन्विन टलकला सगळ्या बायका शिष्ट म्हणायच्या. हाक मारली तरी वळून बघायची नाही. चहाच्या वेळी कोणी विनोद केला तर सगळ्यांचं हसून झाल्यावर हसायची, तेही आमच्या तोंडांकडे बघत बघत. देशासाठी खेळते म्हणून डोक्यात हवा गेलीय, असं बोलायच्या. डोंबल्याची हवा! या देशात बॅडमिंटन खेळून कोणाच्या डोक्यात हवा जाईल? ज्या रोपवाटिकेत ती कुंड्या भरायची, तिथल्या मालकानं तिला विचारलं होतं, "म्हणजे रविवारी अंगणात सॉसेज भाजताना पोरं खेळतात तेच ना ते?"

मी कुंदा. मिरजेची, पण आता मेलबर्नचीच म्हणायची. हॉलच्या दाराशी टेबल टाकून बसते, कोर्टं वाटते, शटलच्या नळ्या विकते आणि गुरुवारी बायकांच्या सामन्यांत कोण कोणाबरोबर खेळणार यावरून जी भांडणं होतात ती सोडवते. माझा आवाज चढा आहे असं लोक म्हणतात. आठ कोर्टांवर एकाच वेळी शटल उडत असताना नाजूक बोलून बघा की जरा.

ब्रॉन्विन आणि पेक सुआनची जोडी मीच लावली. ब्रॉन्विन बॅलरॅटची, पोस्टमनची मुलगी. चर्चच्या ठेंगण्या हॉलमध्ये खेळ शिकलेली, त्यामुळे शटल उंच मारायची तिला भीतीच होती, सगळं आपलं सपाट आणि जोरात. पेक सुआन क्वालालंपूरकडच्या इपोहहून औषधशास्त्र शिकायला आली आणि इथेच औषधाच्या दुकानात लागली. कोर्टाबाहेर तिचा आवाज इतका बारीक की, तिला चहात साखर किती हवी तेही दोनदा विचारावं लागायचं. एका गुरुवारी दोघींच्याही जोडीदारणी आल्या नाहीत. दोघी कोपऱ्यात उभ्या, एकमेकींकडे न बघता. मी ओरडले, "खेळा गं दोघी एकत्र, नाहीतर कोर्ट देते दुसऱ्यांना!"

पहिल्याच गेममध्ये सगळ्या हॉलनं माना वळवल्या. ही मुंगीच्या आवाजाची पोर कोर्टावर उभी राहिली की अशी काही ओरडायची की माझ्या टेबलावरच्या चमच्यांनी दचकावं. "सोड!" म्हणाली की छपराला आवाज लागायचा.

दुहेरी खेळणाऱ्याला हे सांगायला नको, पण इतरांसाठी सांगते. नेटजवळची बाई कधी मागे वळून बघत नाही. बघितलं तर शटल तोंडावर बसतं. तिचे डोळे पुढे, आणि पाठीमागचं सगळं कानांवर. समोरून जोरात आलेलं शटल बाहेर जाणार आहे की आत पडणार, हे मागच्या बाईला दिसतं. ती "सोड" म्हणाली की पुढचीनं नाकासमोर आलेलं शटलही सोडायचं, मान खाली घालायची आणि गुण आपल्या पदरात पडतो. ब्रॉन्विन तशी मान खाली घालायची तेव्हा बघत राहावंसं वाटायचं. इतका भरवसा मी माझ्या नवऱ्यावरही कधी ठेवला नाही.

राज्याची अजिंक्यपदं झाली. न्यूझीलंडला, आसपासच्या बेटांवर जाऊन पदकं आणली. सुट्ट्या जुळवून, पदरचे पैसे घालून जकार्ता, क्वालालंपूर केलं. तिकडे मात्र पहिल्याच फेरीत गाशा गुंडाळायचा. एकदा परत आल्या तेव्हा मी विचारलं, "किती वेळ टिकलात गं?"

"विमानात जेवण वाढतात ना कुंदा," ब्रॉन्विन म्हणाली, "आमच्या रांगेपर्यंत गाडी पोचायच्या आत संपलं."

पेक सुआन हसून हसून खाली बसली. "आणि आँटी, हिनं त्या पोरींना सामना झाल्यावर सांगितलं, पुढच्या वेळी बघून घेईन. त्यांना इंग्रजी येत नव्हतं म्हणून वाचलो."

जिंकायचं वेड नव्हतंच त्यांना. ब्रॉन्विनला एकच गोष्ट हवी होती. राष्ट्रकुल स्पर्धेत एकदा खेळायचं, उद्घाटनाच्या दिवशी देशाच्या हिरव्या-सोनेरी कोटात पेक सुआनच्या शेजारून मैदानात चालायचं. बॅलरॅटला तिचे वडील ते टीव्हीवर बघतील. त्यापुढे तिनं काहीही मागितलं नसतं. तिशी उलटली होती, पुढच्या खेपेपर्यंत गुडघे टिकणार नव्हते. म्हणजे तीच एक संधी.

स्पर्धेच्या आदल्या हिवाळ्यात तिला ताप आला. चक्कर येऊन रोपवाटिकेतच पडली. उठली तेव्हा उजव्या कानानं ऐकू येईनासं झालं होतं, आणि मग हळूहळू डावाही उतरणीला लागला. डॉक्टरांनी कानात घालायची यंत्रं दिली. तिनं ती गाडीच्या खणात टाकून दिली. निवड समितीच्या नजरेला यंत्रं पडली तर आपलं नाव कटलंच, हे तिनं मनाशी पक्कं धरलं होतं. कटलं असतं की नसतं कोण जाणे. विचारायची तिची छाती झाली नाही.

कळलं फक्त पेक सुआनला. तिला सांगावं लागलं नाही. लागोपाठ दोन-तीनदा ब्रॉन्विननं सोडायचं शटल मारल्यावर तिनंच हिला कपडे बदलायच्या खोलीत भिंतीशी उभं केलं आणि पाठीमागून हळूच नाव घेतलं. ही ढिम्म. पुढे येऊन बघते तर हिच्या डोळ्यांतून पाणी.

मग दोघींनी युक्ती काढली. आमच्या हॉलची जमीन लाकडी, खाली पोकळ. पेक सुआन ओरडायची आणि त्याच वेळी उजवा पाय दाणकन आपटायची. तो दणका ब्रॉन्विनला तळपायात लागायचा. आम्हाला वाटायचं, पोरगी हल्ली फारच आक्रमक झालीय. मी तर तिला दटावलं होतं, "फळ्या मोडल्यास तर बिल तुझ्या नावावर फाडीन." ती म्हणाली, "हो आँटी," आणि पुढच्याच खेळीला पाय आणखी जोरात आपटला.

निवड चाचणी दुसऱ्या शहरात होती. तिथे सिमेंटच्या जमिनीवर रबरी चटया पसरलेल्या. मी गेले नव्हते, पण काय झालं ते पुढे मला दोघींच्याही तोंडून ऐकायला मिळालं. चटई दणका पिऊन टाकायची. ब्रॉन्विनला तळपायात काही म्हणता काही कळेना. तरी नुसत्या अंदाजानं तिनं दोन सामने काढले. तिसरा जिंकला की जागा पक्की. त्या सामन्याच्या शेवटच्या गेममध्ये वीस-वीस, म्हणजे आता लागोपाठ दोन गुण काढील ती जोडी जिंकणार. मग यांचा एक गुण, मग त्यांचा. नेटपलीकडे टालिया नावाची उंच पोर, एकोणीस-वीस वर्षांची. तिनं शटल रागानं सपाट हाणलं. चांगलं दोन हात बाहेर जाणारं. ब्रॉन्विननं ते मारलं. नेटला लागून आपल्याच बाजूला पडलं. पुढचा गुण असाच घाईत गेला आणि सामना संपला.

संघाचा प्रशिक्षक इयन पलीकडच्या कोर्टावरून तावातावानं आला. "ते कशाला मारलंस? पेक सुआन, तू हाक दिली नव्हतीस?"

ब्रॉन्विन त्या दोघांच्या ओठांकडे बघत उभी होती. पेक सुआन सावकाश म्हणाली, "नाही दिली. मला वाटलं आत पडेल. चूक माझी आहे."

ब्रॉन्विनला ते खरंच वाटलं. का नाही वाटणार? तळपायात काही लागलं नव्हतं, कानात काही आलं नव्हतं, आणि आता पेक सुआन स्वतःच्या तोंडानं कबूल करत होती. गाडीपाशी गेल्यावर ब्रॉन्विनच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ऐकू न येणारी माणसं आपला आवाज किती चढलाय ते जाणत नाहीत. नशीब वाहनतळ रिकामा होता, इतक्या मोठ्यानं ती ओरडली, "एवढी वर्षं तुझ्या आवाजावर जीव टाकला मी! आणि नेमकं आज तुझ्या तोंडाला कुलूप? बहिरीबरोबर खेळायचा कंटाळा आला असेल तर तसं सांगायचं होतंस!"

पेक सुआननं रॅकेटची पिशवी मागच्या सीटवर ठेवली आणि ती ट्रेननं घरी गेली.

समितीनं जोड्या नव्यानं लावल्या. ब्रॉन्विनचे हात चांगले चालतात, पण मागची बाई गप्प राहते, निर्णय चुकवते, असं इयननं कळवलं म्हणे. पेक सुआनचं नाव गळलं. ब्रॉन्विनबरोबर टालिया.

आमच्या हॉलवर केक आणला, फुगे लावले. पेक सुआन आली नाही. पुढच्या गुरुवारीही नाही. मी फोन केला तर म्हणाली, "दुकानात माणसं कमी आहेत, आँटी." ब्रॉन्विनला मी म्हटलं, "अगं, चूक कोणाची होत नाही? जा, तिला भेटून ये." तिनं माझ्या ओठांकडे बघितलं आणि तोंड फिरवलं. मला त्या वेळी तिचा भयंकर राग आला होता, खोटं कशाला बोलू.

ब्रॉन्विन स्पर्धेला गेली. हिरव्या-सोनेरी कोटात चाललीही. बॅलरॅटच्या वडिलांनी ते पाहिलं आणि मला फोन करून सांगितलं की, पोर हसत नव्हती. टालियाची हाक तिला ऐकू यायचा प्रश्नच नव्हता, आणि टालियाला पाय आपटायचं कोणी सांगितलं नव्हतं. दोघी सारख्या एकमेकींवर आपटत होत्या. साध्यासुध्या जोडीकडून हरल्या आणि बाहेर पडल्या.

त्या संध्याकाळी जेवणघरात टालिया तिच्यासमोर बसली. पोर मनानं निर्मळ. हिला बरं वाटावं म्हणून काहीतरी बोलत होती. हावभाव करून, तोंड मोठं उघडून म्हणाली, "तू हट्टीच आहेस गं. चाचणीच्या वेळीपण तसंच. पेक सुआन केवढ्यानं ओरडली, 'सोड!' पायसुद्धा आपटला. मी तर रॅकेट खाली घेतली होती, म्हटलं गेला गुण. आणि तू मारलंस!"

ब्रॉन्विननं तिला ते परत सांगायला लावलं. मग ताट तसंच ठेवून ती उठली.

परत आल्यावर ती थेट हॉलवर आली, विमानतळावरूनच, बॅगेसकट. कान, चटई, गाडीपाशी बोललेलं, सगळं तिनं मला एका दमात सांगितलं. मी गुरुवारचे सामने तसेच टाकून उठले. "चल माझ्याबरोबर," ती म्हणाली. "यंत्रं घातलीत आज, पण दुकानात गलका असतो. ती हळू बोलते. ती काय म्हणते ते तू मला मोठ्यानं सांग."

दुकानात रांग होती. पेक सुआन पांढऱ्या कोटात, चष्मा लावून, गोळ्यांच्या डब्यांवर चिठ्ठ्या चिकटवत होती. आम्हाला बघून तिचा हात थांबला, आणि मग परत चालू झाला. ब्रॉन्विन काउंटरला धरून उभी राहिली.

"टालियानं सांगितलं मला. तू ओरडली होतीस. खोटं का बोललीस?"

पेक सुआन माझ्याकडे बघून बोलली, नेहमीच्या त्या बारीक आवाजात. "हाक दिली म्हटलं असतं तर इयननं विचारलं असतं, मग ऐकली का नाही? हिला तपासायला पाठवलं असतं. आँटी, मला वाटलं, माझी एक चूक माफ करतील. दोघींनाही घेतील."

मी ते मोठ्यानं सांगितलं. ब्रॉन्विन भर दुकानात रडायला लागली, नाक पुसायचंही भान नाही. "मग मला तरी सांगायचंस! त्याच दिवशी सांगायचंस ना गं!"

"सांगितलं असतं तर ही इयनकडे धावत गेली असती," पेक सुआन मला म्हणाली. "गप्प बसता येतं का हिला?"

तेही मी सांगितलं. ब्रॉन्विन रडता रडता हसली, आणि मला वाटलं, चला, मिटलं. मनात म्हटलं, आता दोघींना गाडीत घालते आणि हॉलवर नेते. ब्रॉन्विननं काउंटरवरून हात पुढे केला. "माफ कर मला. आता सगळ्यांना सांगते माझ्या कानांचं. ही यंत्रं घालून खेळते. तू फक्त परत ये. नुसतं गुरुवारी ये."

पेक सुआननं हात घेतला नाही. चष्मा काढला, कोटाच्या टोकानं पुसला, परत लावला. मागे रांगेतला एक म्हातारा खाकरला.

"आँटी, हिला सांगा," ती म्हणाली. "समितीवर माझा राग नाही. हिनं स्पर्धेला जावं असंच मला वाटत होतं. पण गाडीपाशी ही जे बोलली, ते मला ऐकू आलं. ते अजून ऐकू येतं. मला हिच्या मागे उभं राहता येणार नाही आता."

"तूच सांग की गं," मी म्हटलं. "माझ्याच्यानं नाही व्हायचं."

"इथे मला ओरडता येत नाही, आँटी."

ब्रॉन्विन कधी तिच्या ओठांकडे, कधी माझ्या ओठांकडे बघत होती. मी ते मोठ्यानं सांगितलं. रांगेतली माणसं आमच्याकडे बघायला लागली. ब्रॉन्विननं कानामागे हात धरला आणि म्हणाली, "काय?"

मला ते परत सांगावं लागलं.