पूजेची घोडी

आमचे पूर्वज म्हैसूरच्या फौजेत घोडेस्वार होते म्हणे. माझ्या लहानपणी त्यातलं उरलं होतं ते एवढंच: रेसकोर्सवर घोड्यांची निगा राखायची अप्पांची सइसाची नोकरी आणि त्यांचा हट्ट. हट्ट माझ्याही वाट्याला भरपूर आला आहे.

एका वर्षी अप्पांकडे एक तांबडी घोडी होती. निघायची झोकात, पण शेवटच्या वळणावर दमून जायची आणि मागून पहिली यायची. मालकांनी सांगून टाकलं, दसऱ्यानंतरच्या शर्यतीत जिंकली तर राहील, नाहीतर टांगेवाल्याला देऊन टाकायची. तेव्हापासून अप्पा टांग्यात बसेनात. देवराज मोहल्ल्यातल्या बाजारातून जड पिशव्या घेऊन आमची पायपीट चाले. समोरून टांगा आला की ते तोंड फिरवायचे. उद्या आपली घोडी अशीच जुंपलेली दिसेल, हे त्यांच्या डोक्यातून जाईना.

खंडेनवमीला पुजलेली वस्तू त्या दिवशी कामाला लावायची नाही, हा आमचा रिवाज. एरवी घरात पुजायला विळी आणि कोयताच. त्या वर्षी मात्र अप्पांनी पहाटेच तबेल्यात जाऊन घोडीला कुंकू लावलं, शेवंतीची माळ घातली, कोहळा फोडला. नेमकी त्याच सकाळी शर्यतीआधीची सरावाची शेवटची जोराची दौड होती. ट्रेनर आला, तर अप्पा तिच्यावर जीन चढवू देईनात. चामुंडीचं कुंकू लावलेल्या घोडीवर जबरदस्ती करायची ट्रेनरची हिंमत झाली नाही. तो पाय आपटत निघून गेला. दुसऱ्या दिवशी दसरा, तो दिवस मिरवणुकीत गेला आणि दौड राहूनच गेली.

"अय्यो, आता तुम्हीच तिला टांग्याला जुंपलंत की हो!" आई कडाडली.

"आयतु, पूजा झाली. आता काय करू?" अप्पा म्हणाले आणि ताटावरून उठले. पूजेच्या भरात दौडीचं त्यांच्या ध्यानातच आलं नव्हतं.

शर्यतीच्या दिवशी ते मैदानाकडे पाठ करून उभे राहिले. आई आणि मी कठड्याशी. शेवटचं वळण आलं, आणि मी डोळे मिटले. आई मात्र माझा दंड आवळून कानडी-मराठी एक करून ओरडत होती, "बा, बा, ये गं माझी बाय!" डोळे उघडले तर घोडी मानेभर पुढे. मी धावत अप्पांकडे गेले.

"कितवी?"

"पहिली!"

"मागून?"

"पुढून हो, अप्पा!"

अप्पा तिथेच चिखलात बसले आणि हुंदके देऊन रडले. इतकं हलकं मला पुन्हा क्वचितच वाटलं. घोडी दमलेली होती, तिला विश्रांतीच हवी होती, हे आपण आधीच ओळखलं होतं, असं ट्रेनर चारचौघांत सांगत फिरला. सांगू दे बापडा. अप्पांनाही ते कुठे ठाऊक होतं!

घरी जायला अप्पांनी स्वतः टांगा थांबवला. आई चढली, मी चढले. ते मात्र टांग्याच्या घोडीपुढे जाऊन उभे राहिले. खिशात उरलेला गूळ त्यांनी तिला भरवला.

"ही रेसची का हो?"

"हौदु सामी," टांगेवाला म्हणाला. "कधीकाळी होती म्हणतात."

अप्पा टांग्यात बसले नाहीत. तिच्या मानेवर हात ठेवून घरापर्यंत चालत आले.