रंगारीकाका वाट विचारतात

रंगारीकाकांनी उभ्या हयातीत या शहराच्या किती भिंती रंगवल्या, त्याची गणतीच नव्हती. रस्त्यांची नावं त्यांनी कधी लक्षात ठेवली नाहीत. पिस्ता रंगाच्या शाळेपाशी वळायचं, विटकरी गच्ची दिसली की आपली गल्ली, असं त्यांचं चालायचं. बायको गेल्यावर मुलाने त्यांना आपल्या उंच इमारतीत आणलं. इकडे जुन्या भिंती पडत गेल्या आणि जिकडेतिकडे काचा उभ्या राहिल्या. काचेला कसला आलाय रंग! काका फिरायला जात ते उशिरा परतत. मुलाने विचारलं की म्हणत, "जुना दोस्त भेटला, गप्पांत वेळ गेला."

वरच्या मजल्यावर व्हिडिओ करणारी एक मुलगी राहायची. ती म्हणाली, "काका, छातीला हा छोटा कॅमेरा लावून फिराल का? नेहमीसारखं चालायचं, बस्स."

"दाढी करून येऊ का?"

"तुम्ही त्यात दिसणारच नाही."

"मग वाचली दाढी!"

तिच्या व्हिडिओच्या प्रदर्शनाला मुलगा त्यांना कौतुकाने घेऊन गेला. अंधाऱ्या खोलीच्या तिन्ही भिंतींवर शहर हलत होतं. आडवं, उलटं, काचेत काच. बघणाऱ्यांना गरगरत होतं, कुणी हसतही होतं. इतक्यात काकांचाच आवाज आला, घाबराघुबरा. "अहो, ती विटकरी गच्ची कुठंय?" मग दुसऱ्या कुणाला, "बाळा, मला घरी जायचंय." आणि मग, "मुलाला फोन नको हं. त्याला कळलं तर माझं बाहेर पडणं बंद होईल."

मुलगा काकांकडे वळला. "बाबा, तो दोस्त?"

"कुठला दोस्त? कोण उरलंय आता?"

व्हिडिओवाली मुलगी धावत आली. "काका, चुकलं माझं. तुम्हाला दाखवून मग लावायला हवं होतं. काढून टाकते."

"चित्र राहू दे," काका म्हणाले. "आवाज तेवढा काढ."

तिने तो काढला.

त्या दिवसापासून मुलगा रोज काकांबरोबर फिरायला जाऊ लागला. दंड धरून, मोबाइलमधल्या नकाशावर नजर ठेवून. वाट कधी चुकली नाही. काकांना कुणाला काही विचारावंच लागेना. पुढे पुढे ते गुडघे दुखतात म्हणू लागले आणि घरीच बसले. गुडघे ठणठणीत होते. मुलालाही ते कळत होतं. पण त्याने एकदाही तसं म्हटलं नाही.